संकल्प सोडल्यावर काय बदलते?

उज्जैनच्या रामघाटावर यजमानाच्या ओंजळीत पाणी आणि अक्षता देऊन गुरुजी जे म्हणतात, त्याला दोन मिनिटेही लागत नाहीत. सुरुवात ब्रह्मदेवाच्या आयुष्याच्या उत्तरार्धापासून होते. मग श्वेतवाराह कल्प, वैवस्वत मन्वंतर, अठ्ठाविसावे कलियुग आणि त्याचा पहिला चरण. पुढे जंबुद्वीप, भरतखंड, अवंतिका क्षेत्र, क्षिप्रेचा काठ. त्यानंतर संवत्सर, महिना, पक्ष, तिथी, वार आणि सर्वांत शेवटी गोत्र आणि तुमचे नाव. अख्ख्या विश्वाच्या पसाऱ्यातून पायरी पायरीने उतरत वाक्य एका माणसापाशी येऊन थांबते. तो पाणी सोडतो, आणि पहाटेच्या गाडीने आलेला प्रवासी यात्रेकरू होतो. कपडे तेच, घाट तोच, नदी तीच. मग बदलले काय?

भाषेच्या जोरावर वास्तव नव्याने लिहिणारे यंत्र ही लेखकांची जुनी हौस. जोनाथन स्विफ्टने १७२६ मध्ये लगाडोच्या विद्यापीठात हातदांडे फिरवून शब्दांच्या ठोकळ्यांतून ग्रंथ काढणारे यंत्र उभे केले, ते थट्टा म्हणून. बोर्हेसच्या १९४० मधल्या कथेत एका काल्पनिक जगाचा ज्ञानकोश लिहिला जातो आणि हळूहळू त्या जगातल्या वस्तू आपल्या जगात सापडू लागतात. पोलिश लेखक स्तानिस्लाव लेमचे यंत्र सगळ्यांत खट्याळ. ते फक्त ‘न’पासून सुरू होणाऱ्या वस्तू बनवते, कोणीतरी त्याला ‘नास्ती’ बनवायला सांगतो आणि ते मुकाट्याने एकेक गोष्ट जगातून नाहीशी करत सुटते. या सगळ्या कथा मला आवडतात, पण एक तक्रार आहे. त्यांत शब्द उच्चारला की थेट वस्तू हलते. मधे राबणारी माणसे, खर्च होणारे पैसे, सह्या, भांडणे, यांचा पत्ता नसतो. रामघाटाच्या परिसरात हाच प्रयोग दोनेक हजार वर्षे चालू आहे, आणि तिथे ही मधली माणसे चांगली ठळक दिसतात.

शब्दाने वास्तव कसे बदलते, या प्रश्नावरची दोन थोर मते आपल्याकडे फार पूर्वीच मांडली गेली. त्यांतले एक उज्जैनशी परंपरेने जोडलेले आहे. शहराच्या उत्तरेला, गढकालिकेजवळ, क्षिप्रेच्या काठी भर्तृहरीची गुंफा दाखवतात. नाथपंथी परंपरेत हा भर्तृहरी म्हणजे राज्य सोडून जोगी झालेला विक्रमाचा थोरला भाऊ. ‘वाक्यपदीय’ लिहिणारा वैयाकरण भर्तृहरी साधारण पाचव्या शतकातला. राजा, ‘शतके’ रचणारा कवी आणि वैयाकरण हे एकच की वेगवेगळे, यावर अभ्यासकांचे एकमत नाही. लोकांनी मात्र तिघांना एकाच गुंफेत बसवले आहे. वैयाकरणाचा सिद्धांत असा की मुळाशी शब्दतत्त्व हेच ब्रह्म आहे आणि जग हा त्याचा अर्थरूपाने झालेला उलगडा आहे. शब्दाने वास्तव बदलण्याचा प्रश्नच इथे उरत नाही, कारण वास्तव मुळातच शब्दाचे बनलेले.

दुसरे मत मीमांसकांचे. सातव्या शतकातल्या कुमारिल भट्टाने भर्तृहरीवर टीका केली आणि आपल्या बाजूने एक अतिशय नेमकी संकल्पना वापरली : शाब्दी भावना. ‘करावे’ असे विध्यर्थी क्रियापद कानावर पडले की ऐकणाऱ्याला कृतीकडे ढकलणारी शक्ती त्या शब्दात असते. शब्द स्वतः काही घडवत नाही. तो माणसाला प्रवृत्त करतो, आणि घडवतो तो माणूस. ऑक्सफर्डच्या जे. एल. ऑस्टिनने १९५५ साली हार्वर्डमध्ये दिलेली व्याख्याने १९६२ मध्ये पुस्तकरूपाने आली, तेव्हापासून जगभर ‘बोलणे हीच कृती’ या विचाराचा बोलबाला झाला. लग्न लावणे, जहाजाचे नाव ठेवणे, पैज मारणे ही त्याची उदाहरणे. ऑस्टिन वाचताना मला दर वेळी वाटते की कुमारिलाची वाट जास्त लांबवर जाते. ऑस्टिन वाक्य यशस्वी कधी होते ते सांगतो. कुमारिल वाक्याने माणूस कामाला कसा लागतो ते सांगतो, आणि उज्जैनची सगळी उदाहरणे या दुसऱ्या बाजूची आहेत.

आधी काळ घेऊ. मराठी कुटुंब रामघाटावर संकल्पाला बसले की त्याचे वर्ष बदलते. घरी शालिवाहन शक १९४७ चालू असेल, तर इथे विक्रम संवत २०८२ ऐकू येते. महिनाही बदलू शकतो. आपल्याकडे महिना अमावास्येला संपतो, तिकडे पौर्णिमेला. त्यामुळे महाशिवरात्र घरी माघ वद्य चतुर्दशीला असते आणि इथे फाल्गुन कृष्ण चतुर्दशीला. संवत्सराचे नावही निराळे, कारण उत्तरेकडे ते गुरूच्या गतीवरून ठरवतात आणि आपण साठ नावे ओळीने मोजत जातो. आकाशात चंद्र तेवढाच उरलेला असतो.

या दोन गणनांमागे एक गोष्ट आहे आणि ती पाडव्याला अजून सांगितली जाते. पैठणच्या कुंभाराच्या घरी वाढलेल्या शालिवाहनाने मातीचे घोडे आणि स्वार केले, मंत्राने त्यांत प्राण फुंकला आणि उज्जैनच्या विक्रमाला हरवले. मग नर्मदा ही हद्द ठरली : उत्तरेला विक्रमाचा संवत, दक्षिणेला शालिवाहनाचा शक. मातीवर मंत्र टाकून सैन्य उठवणे म्हणजे आपल्या यंत्राची अगदी शुद्ध कल्पना. इतिहासात पाहिले तर कहाणी याहून विलक्षण आहे. ज्या गणनेला आज विक्रम संवत म्हणतात, ती सुरुवातीच्या शिलालेखांत ‘कृत’ म्हणून येते, नंतर ‘मालव’ म्हणून. मंदसौरच्या रेशीम विणकरांच्या प्रसिद्ध लेखात मालवगणांचीच वर्षे आहेत. विक्रमाचे नाव तिला ठळकपणे चिकटले ते साधारण नवव्या शतकापासून. म्हणजे कालगणना आधी आली आणि तिचा संस्थापक राजा काही शतकांनी तिच्यात जाऊन बसला.

वेताळाचेही तेच. सोमदेवाच्या अकराव्या शतकातल्या ‘कथासरित्सागरा’त वेताळाला खांद्यावर घेणारा राजा आहे त्रिविक्रमसेन, आणि त्याची राजधानी गोदावरीकाठचे प्रतिष्ठान, म्हणजे आपले पैठण. पुढच्या कथाकारांनी त्याला उचलून क्षिप्रेकाठी नेले. १८१४ साली बंगालमधल्या श्रीरामपूरच्या मिशन छापखान्यातून मराठी ‘सिंहासनबत्तिशी’ निघाली तोवर विक्रम कायमचा उज्जैनचा झाला होता. पैठणकरांनी कधी तक्रार केल्याचे ऐकिवात नाही. शालिवाहन त्यांच्याकडे होताच.

कालगणनेच्याच बाबतीत शब्दयंत्र बिघडल्याचाही एक उत्तम दाखला आहे. स्वातंत्र्यानंतर देशभर इतकी पंचांगे पाहून सरकारने १९५२ साली मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली पंचांग सुधारणा समिती नेमली. तिच्या शिफारशीने २२ मार्च १९५७ पासून राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू झाली, शके १८७९ च्या १ चैत्राला. समितीने गणितासाठी एक मध्यवर्ती ठिकाण ठरवले : रेखांश ८२ अंश ३० कला, म्हणजे भारतीय प्रमाणवेळेचा, अक्षांश २३ अंश ११ कला, म्हणजे उज्जैनचा. देशाचे अधिकृत पंचांग अशा रीतीने एका कागदी जागेवरून आकाश पाहते. ती जागा उज्जैनच्या रांगेत असली तरी उज्जैनमध्ये नाही. राजपत्रावर ही तारीख आजही छापली जाते, आकाशवाणीने ती सांगितली, आणि तरीही या तारखेला कोणी लग्न ठरवत नाही, भाडे देत नाही की उपास धरत नाही. राज्याने सांगितले, पण कोणाला काही करावेसे वाटले नाही. उलट विक्रम संवताच्या मागे कुठलाही कायदा नसताना व्यापाऱ्यांच्या चोपड्या त्यावर चालल्या. शाब्दी भावना हुकमातून येत नाही, सवयीतून येते, असे मी यावरून समजतो.

आता जागा. सूर्यसिद्धांतासारख्या ग्रंथांत शून्य रेखांश लंकेवरून, उज्जैनवरून, कुरुक्षेत्राच्या बाजूने मेरूकडे जातो. भारतीय ज्योतिषाचे ग्रिनिच ते हेच. हे ज्ञान अरबीत गेले तेव्हा उज्जैनचे ‘उझैन’ झाले आणि पुढे नकलाकाराच्या लेखणीतून झ वरचा टिंब सुटला. टिंब सुटताच झ चा र झाला आणि ‘अरीन’ नावाचे नवे गाव जन्माला आले. हे अरीन भूगोलात विषुववृत्तावर, जगाच्या मध्याचा घुमट म्हणून जाऊन बसले. लॅटिनमध्ये ते रॉजर बेकनपर्यंत आणि पिएर दाय्यीच्या भूगोलापर्यंत पोचले. दाय्यीच्या ग्रंथाची कोलंबसाने समासात टिपणे केलेली प्रत आजही जपून ठेवलेली आहे. तिसऱ्या सफरीतल्या १४९८ च्या पत्रात पृथ्वी गोल नसून एका बाजूला फुगलेली आहे असा तर्क करताना कोलंबस या अरीनचा आधार घेतो. एक टिंब पडला आणि माणसे समुद्रात त्याचा विचार करत होती. बोर्हेसला हे सुचले असते तर त्याने नक्की वापरले असते.

१८८४ मध्ये वॉशिंग्टनला भरलेल्या परिषदेत ग्रिनिचचा रेखांश शून्य ठरला तो मतदानाने : बाजूने बावीस देश, विरोधात एक, फ्रान्स आणि ब्राझील तटस्थ. त्यामुळे डिसेंबर २०२३ मध्ये मध्य प्रदेशचे मुख्यमंत्री मोहन यादव यांनी शून्य रेखांश पुन्हा उज्जैनला आणण्याचा प्रयत्न करू असे विधानसभेत म्हटले, तेव्हा ते हास्यास्पद नव्हते. जे मताने ठरले ते मताने बदलू शकते, निदान तत्त्वतः. उद्या जगातल्या सगळ्या जहाजांचे आणि विमानांचे नकाशे बदलायला कोण बसणार, एवढाच प्रश्न.

२९ फेब्रुवारी २०२४ ला उज्जैनच्या वेधशाळेच्या आवारात विक्रमादित्य वैदिक घड्याळाचे लोकार्पण झाले. हे खरेखुरे यंत्र. ८५ फूट उंच मनोऱ्यावर ते सूर्योदयापासून सूर्योदयापर्यंतच्या दिवसाचे तीस मुहूर्त दाखवते, प्रत्येकी साधारण ४८ मिनिटांचे. ज्या आवारात ते उभे आहे ती वेधशाळा जयपूरच्या सवाई जयसिंगाने अठराव्या शतकात बांधली. ती मोडकळीला आल्यावर माधवराव शिंद्यांनी १९२३ मध्ये दुरुस्त करवली, आणि गोविंद सदाशिव आपटे या मराठी ज्योतिर्गणितज्ञाने तिचा कारभार पाहिला. आपट्यांचे काम वेध घेऊन गणित ताडून पाहण्याचे होते. नव्या घड्याळाचे काम गणिताला जुनी नावे देण्याचे आहे. दोन्हींना मी एका मापाने मोजणार नाही.

पण एका दाव्यापाशी हे शब्दयंत्र साफ अडते. कर्कवृत्त उज्जैनवरून जाते असे गाइड सांगतात, फलक सांगतात, भाषणांतही येते. कर्कवृत्त आज साधारण २३ अंश २६ कलांवर आहे, उज्जैन २३ अंश ११ कलांवर. अंतर सुमारे २८ किलोमीटर. म्हणूनच नवी वेधशाळा उत्तरेला महिदपूरकडच्या डोंगला गावात उभारली आहे. पूर्वी ते उज्जैनवर होते, असेही म्हणता येत नाही. पृथ्वीचा अक्ष तेव्हा जास्त कललेला होता, त्यामुळे कर्कवृत्त आणखी उत्तरेला होते. ते दरवर्षी चौदा-पंधरा मीटरने दक्षिणेकडे सरकते आहे. दोनेक हजार वर्षे धीर धरला तर ते कोणाच्याही घोषणेशिवाय आपणहून उज्जैनला येईल. शून्य रेखांश ठराव करून हलवता येतो, कारण तो ठरावानेच बसवलेला आहे. अक्षाच्या कलाला कोणी मत विचारले नव्हते.

नावांच्या बाबतीत मी थोडक्यात सांगतो, कारण त्यावर आधीच फार बोलले जाते. महाकालाच्या ‘शाही सवारी’ची २०२४ मध्ये ‘राजसी सवारी’ झाली, पुढच्या वर्षी प्रयागच्या कुंभात ‘शाही स्नाना’चे ‘अमृत स्नान’ झाले. जानेवारी २०२५ मध्ये उज्जैन जिल्ह्यातल्या मौलाना गावाचे विक्रमनगर झाले आणि जहांगीरपूरचे जगदीशपूर. मौलाना हे नाव लिहिताना पेन अडते, असे कारण मुख्यमंत्र्यांनी दिले होते. संभाजीनगर, धाराशिव आणि अहिल्यानगरनंतर मराठी वाचकाला यात नवे काही वाटणार नाही. जुना दाखलाही आपलाच आहे. शिवछत्रपतींनी रघुनाथपंतांकडून राजव्यवहारकोश करवून घेतला, फारसी शब्दांना संस्कृत पर्याय दिले. पेशव्याचा पंतप्रधान झाला. त्यानंतर शंभर वर्षे लोक पेशवाच म्हणत राहिले. ज्या राणोजी शिंद्यांच्या काळात, १७३० च्या दशकात, महाकालाचे मंदिर पुन्हा बांधले गेले, ते बांधवून घेणारे रामचंद्रबाबा सुखटणकर त्यांचे ‘दिवाण’ होते, आणि देवाला त्याचे वावडे नव्हते. पण ‘पंतप्रधान’ वायाही गेला नाही. तो दबा धरून बसला आणि १९४७ नंतर देशाच्या सर्वोच्च राजकीय पदावर जाऊन बसला. शब्द कधी कामाला लागेल हे तो घडवणाऱ्यालाही सांगता येत नाही.

नावापेक्षा नोंद जास्त ताकदीची. तीर्थपुरोहितांच्या वह्यांत गावनिहाय, जातनिहाय, आडनावनिहाय घराणी लिहिलेली असतात : कोण आला, कोणाबरोबर आला, कोणाचे श्राद्ध केले. ही नुसती स्मरणवही नाही. एकदा नाव लिहिले की तो यजमान आणि त्याचे वंशज त्या पुरोहिताचे, आणि दुसऱ्याने त्यांना हात लावायचा नाही. अर्धा घाट या हक्कावर उभा असतो. हरिद्वारच्या अशाच वह्या अमेरिकेतल्या युटाच्या वंशावळी संस्थेने मायक्रोफिल्मवर घेतल्या. तिकडे स्थायिक झालेल्यांसाठी संकल्पही बदलला आहे. अमेरिकेतल्या बऱ्याच पूजांत जंबुद्वीप आणि भरतखंडाच्या जागी क्रौंचद्वीप येते. पुराणातल्या सात द्वीपांपैकी एक न्यू जर्सीला देऊन टाकण्यात कोणालाही संकोच वाटला नाही, आणि मला हा पूर्ण परंपरेतला, अगदी समंजस निर्णय वाटतो. पत्ता बरोबर हवा, मग बाकीचे पुढचे पुढे.

पत्त्यातली नदी मात्र बदलून चालत नाही, आणि इथे कुमारिलाचा मुद्दा खऱ्या अर्थाने कसाला लागतो. क्षिप्रा इंदूर जिल्ह्यातल्या उज्जैनी गावाजवळच्या टेकड्यांत उगम पावते आणि सुमारे १९५ किलोमीटर वाहून चंबळेला मिळते. पाऊस सरला की तिच्यात फारसे पाणी उरत नाही. उज्जैनच्या आधी तिला इंदूरचे सांडपाणी आणणारी नदी मिळते. तिला लोक खान म्हणतात, सरकारी कागदात आता ती कान्ह आहे. नाव धुऊन निघाले. पाणी धुऊन निघाले नाही, ते वळवण्यासाठी वेगळी वाहिनी घालावी लागली आणि आता आणखी मोठी घातली जात आहे. संकल्पात तर वाहत्या क्षिप्रेचा काठ म्हटलेला असतो, आणि सिंहस्थात कोट्यवधी लोक तो म्हणायला येतात. म्हणून नर्मदा-क्षिप्रा जोडयोजना आली. सुमारे ४३२ कोटी रुपये खर्चून ओंकारेश्वरच्या बाजूचे नर्मदेचे पाणी पंपांनी जवळपास ३५० मीटर वर चढवले आणि फेब्रुवारी २०१४ मध्ये क्षिप्रेच्या उगमाशी सोडले. २०१६ च्या सिंहस्थात भाविकांनी स्नान केले ते मुख्यतः या पाण्यात. गोष्टीत जी नर्मदा विक्रम आणि शालिवाहनाची हद्द होती, ती आता विजेच्या बिलावर विक्रमाच्या घाटाला येते.

मंत्राने मातीचे घोडे उठतात यावर माझा विश्वास नाही. पण ओंजळीतल्या एका वाक्यासाठी एक नदी डोंगर चढवली गेली, हे नोंदीत आहे. पंप चालू नसतील तर काय होते तेही नोंदीत आहे. जानेवारी २०१९ मध्ये शनिश्चरी अमावास्येला त्रिवेणी घाटावर पुरेसे पाणी नव्हते आणि लोकांना चिखलात स्नान उरकावे लागले. संकल्प त्या दिवशीही नेहमीसारखाच म्हटला गेला असणार. वरिष्ठ अधिकाऱ्यांच्या बदल्या झाल्या.

नर्मदा आली तरी प्रश्न सुटला नाही, कारण नवा प्रश्न शब्दातूनच उभा राहिला. संकल्प क्षिप्रेचा आणि स्नान नर्मदेचे, हे अनेकांना खटकत होते. नर्मदा कितीही पवित्र असली तरी या घाटावर ती पाहुणी. सिंहस्थ क्षिप्रेचा आहे, स्नान क्षिप्रेच्याच पाण्यात झाले पाहिजे, अशी मागणी जोर धरू लागली. अभियंत्याच्या दृष्टीने या मागणीला काही अर्थ नाही, कारण दोन्ही पाणी एकाच पात्रात मिसळते आणि प्रयोगशाळेत ते वेगळे दाखवता येत नाही. तरी सरकारने ती मान्य केली. सेवरखेडी-सिलारखेडी या सुमारे ६१४ कोटींच्या योजनेत पावसाळ्यातले क्षिप्रेचे पाणी सेवरखेडीला अडवायचे, पंपाने सिलारखेडीच्या तलावात चढवायचे, साठवून ठेवायचे आणि सिंहस्थाच्या वेळी पुन्हा क्षिप्रेत सोडायचे आहे. म्हणजे नदी तिच्यातून काढून तिलाच परत द्यायची. नाशिकचा सिंहस्थ २०२७ मध्ये आहे आणि उज्जैनचा २०२८ मध्ये, तोवर हे काम पुरे करण्याचे ठरले आहे.